मारिओ मॉन्टेझ : कॅमेऱ्यासमोरचा चेहरा, हातातली सुई

आज ज्या कलावंताबद्दल बोलायचं आहे, त्याला तीन नावं होती. कागदोपत्री तो रेने रिव्हेरा. जन्म २० जुलै १९३५, पोर्टो रिको बेटावरच्या पॉन्से शहरात. लहानपणीच तो न्यूयॉर्कला आला आणि पोर्टो रिकन वस्ती असलेल्या ईस्ट हार्लेममध्ये वाढला. पडद्यावर तो झाला मारिओ मॉन्टेझ, म्हणजे १९६०च्या दशकातल्या न्यूयॉर्कच्या अंडरग्राउंड सिनेमातला एक ठळक चेहरा. तिसरं नाव फारसं कुणाला माहीत नाही : ‘मॉन्टेझ क्रिएशन्स’. या नावानं तो नाटकांची वेशभूषा करायचा.

मारिओवर जे काही लिहिलं जातं, ते बहुतेक वेळा ‘अँडी वॉरहॉलचा एक सुपरस्टार’ एवढ्या ओळखीपासून सुरू होतं. ही ओळख खोटी नाही, पण तिच्यात मारिओ हा वॉरहॉलच्या चरित्रातला एक परिच्छेद होऊन बसतो. मला वाटतं, त्याची कारकीर्द समजून घ्यायची तर ती शिवणकामाच्या बाजूनं बघायला हवी. कॅमेरा दुसऱ्याच्या हातात होता. अंगावर काय असेल, काय झाकायचं आणि काय दाखवायचं, एवढंच मारिओच्या हातात होतं. आणि ‘काय दाखवायचं’ यावरूनच त्याचे सगळे महत्त्वाचे खटके उडालेले दिसतात.

अंडरग्राउंड म्हणजे काय?

‘भूमिगत’ म्हटलं की आपल्याला बेचाळीसची चळवळ आठवते. इथला मामला वेगळा होता. प्रश्न पैशांचा आणि परवान्याचा होता. हॉलिवूडचा सिनेमा ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर, स्टुडिओत, पगारी माणसं घेऊन व्हायचा. अंडरग्राउंडवाले १६ मिलिमीटरचा हलका कॅमेरा घ्यायचे, मित्रांना गोळा करायचे आणि कुणाच्या गच्चीवर नाहीतर रिकाम्या गाळ्यात चित्रण उरकायचे. न्यूयॉर्क राज्यात १९६५ पर्यंत सिनेमा जाहीरपणे दाखवायला सरकारी परवाना लागायचा. हे लोक त्या वाटेला जात नसत. १९६२ साली जोनास मेकस आणि त्याच्या सोबत्यांनी फिल्म-मेकर्स कोऑपरेटिव्ह काढली. कुणीही आपली रिळं तिथे ठेवावीत, मागेल त्याला ती भाड्यानं द्यावीत, अशी साधी व्यवस्था होती.

अशा सिनेमात नटाला पैसे मिळणार कुठून? मारिओ दिवसा कारकुनी नोकरी करायचा. कपडेपटाला तर वेगळी तरतूद नसायचीच. जुन्या कपड्यांची दुकानं, लोकांनी फुटपाथवर टाकून दिलेलं सामान, उरलेली लेस, जाळी, टिकल्या, खोटे मोती यांतूनच पोशाख उभे राहायचे. म्हणून ज्याला स्वतःचा पोशाख स्वतः रचता येतो असा नट या मंडळींना केवढा मोलाचा वाटत असेल, याची कल्पना करा. स्टुडिओतला सेट नाही, दिवे पुरेसे नाहीत. पडद्यावर जे वैभव दिसायचं ते नटाच्या अंगावरून येणार.

नाव कुठून आलं?

मारिओला सिनेमात आणलं जॅक स्मिथनं. स्मिथ फोटोग्राफर, नट आणि दिग्दर्शक होता, आणि त्याचं एक दैवत होतं : मारिया मॉन्टेझ. ही डोमिनिकन रिपब्लिकमधली नटी. १९४०च्या दशकात युनिव्हर्सल कंपनीनं तिला घेऊन रंगीत अद्भुतपट काढले. ‘अरेबियन नाइट्स’ (१९४२) हा त्या कंपनीचा तीन पट्ट्यांच्या टेक्निकलरमधला पहिला चित्रपट. त्यात आणि ‘कोब्रा वुमन’ (१९४४) मध्ये मारियाबरोबर कोण होता? आपला साबू. म्हैसूर संस्थानातल्या माहुताचा मुलगा, ‘एलिफंट बॉय’मुळे (१९३७) जगाला माहीत झालेला. म्हणजे डोमिनिकन बाई अरबस्तानची शेहेरजाद आणि म्हैसूरचा मुलगा तिचा सोबती, आणि हे सगळं अरबस्तान उभं केलेलं अमेरिकेत. हॉलिवूडला ‘पूर्वेकडचं’ काहीतरी हवं असायचं. ते नेमकं कुठलं, याच्याशी त्याला देणंघेणं नव्हतं.

समीक्षक मारियाच्या अभिनयाला हसायचे. स्मिथनं १९६२-६३च्या हिवाळ्यात ‘फिल्म कल्चर’ या नियतकालिकात तिच्यावर लेख लिहून उलट भूमिका घेतली. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की ही बाई त्या पुठ्ठ्याच्या राजवाड्यावर मनापासून विश्वास ठेवते, आणि तो विश्वास पडद्यावर दिसतो. चांगल्या अभिनयापेक्षा ही गोष्ट दुर्मीळ आहे. रेने रिव्हेराचं पडद्यावरचं नाव याच मारियावरून आलं.

मराठी माणसाला इथे स्त्रीपार्टी नटांची आठवण होणं साहजिक आहे. पण फरक लक्षात ठेवा. बालगंधर्वांच्या काळात पुरुषानं स्त्रीभूमिका करणं हा नाटक कंपनीच्या व्यवसायाचाच भाग होता आणि प्रतिष्ठित कुटुंबं ती बघायला यायची. १९६०च्या न्यूयॉर्कमध्ये नट्यांचा तुटवडा नव्हता. तिथे पुरुषानं बायकी कपड्यांत बाहेर पडणं म्हणजे पोलिसांना आमंत्रण. वेष पालटून वावरण्याविरुद्धचा एकोणिसाव्या शतकातला कायदा पोलीस अशा लोकांवर सर्रास लावायचे.

त्यात मारिओ श्रद्धाळू कॅथलिक. आपण करतो ते पाप आहे, अशी बोचणी त्याला होती. वॉरहॉलच्या आठवणींत आहे की मारिओ स्वतःची समजूत घालायचा : देवाला हे आवडत नसेल, पण त्याचा खरोखर राग असता तर त्यानं मला केव्हाच मारून टाकलं असतं. आणखी एक गोष्ट तो कटाक्षानं पाळायचा. बायकी पोशाख करण्याला रूढ असलेला ‘ड्रॅग’ हा शब्द तो टाळायचा. ‘मी कॉश्च्यूममध्ये जातो’ असं म्हणायचा. पोशाख हे काम आहे, कामापुरतं चढवायचं आणि काम झालं की उतरवायचं, हा अर्थ त्यात आहे. कायदा, धर्म आणि हौस या तिघांच्या मधून त्यानं काढलेली ही वाट होती.

‘फ्लेमिंग क्रीचर्स’ आणि पोलीस

१९६२च्या उन्हाळ्यात स्मिथनं ‘फ्लेमिंग क्रीचर्स’ चित्रित केला. जागा : न्यूयॉर्कच्या लोअर ईस्ट साइडमधल्या विंडसर थिएटरची गच्ची. फिल्म मुदत संपलेली, कृष्णधवल; म्हणून चित्र कधी पांढरंफटक, कधी धुरकट दिसतं. जेमतेम पाऊण तासाचा सिनेमा. त्यात मारिओ स्पॅनिश नर्तिकेच्या रूपात येतो. श्रेयनामावलीत नाव आहे ‘डोलोरेस फ्लोरेस’. कथा अशी नाहीच. पुरुष, स्त्रिया, स्त्रीवेषातले पुरुष, लिपस्टिक, नाच, गोंधळ आणि थोडी नग्नता. आज बघताना त्यातलं पोशाखांचं वेडच जास्त लक्षात राहतं.

३ मार्च १९६४ रोजी न्यूयॉर्कमध्ये याचा खेळ चालू असताना पोलिसांनी रिळं जप्त केली. जोनास मेकस, केन जेकब्स आणि फ्लॉरेन्स कार्फ यांच्यावर अश्लीलतेचा खटला झाला. दोषी ठरले, पण शिक्षा स्थगित राहिली. सुसान सॉन्टॅगनं ‘द नेशन’ साप्ताहिकात या सिनेमाची बाजू घेऊन लेख लिहिला. प्रकरण १९६७ मध्ये सर्वोच्च न्यायालयात पोचलं. न्यायालयानं ते निकाली काढायचं टाळलं, तेव्हा न्यायमूर्ती एब फोर्टास यांनी वेगळं मत नोंदवून शिक्षा रद्द करायला हवी असं म्हटलं. पुढच्या वर्षी फोर्टास यांचं नाव सरन्यायाधीशपदासाठी आलं, तेव्हा विरोधकांनी हाच सिनेमा वॉशिंग्टनमध्ये सिनेटरांना आणि पत्रकारांना दाखवला. फोर्टास यांना सरन्यायाधीश होता आलं नाही. त्याला इतरही कारणं होती, पण गच्चीवर नाचलेला ईस्ट हार्लेमचा कारकून अमेरिकन सिनेटच्या राजकारणात जाऊन पोचला तो असा. त्याचं नाव मात्र त्या वादात कुणी घेतलं नाही.

त्यानंतर स्मिथच्या ‘नॉर्मल लव्ह’ या रंगीत सिनेमात मारिओ मत्स्यकन्या झाला. रॉन राइसच्या ‘चमलम’ (१९६४) मध्येही तो आहे. ‘नॉर्मल लव्ह’च्या चित्रणाला एक हडकुळा चित्रकार येऊन बसायचा आणि स्वतःच्या कॅमेऱ्यानं चित्रण टिपायचा. तो अँडी वॉरहॉल.

वॉरहॉलचा कॅमेरा

१९६४ मध्ये वॉरहॉलनं ‘मारिओ बनाना’ नावाचे दोन छोटे मूकपट काढले, एक रंगीत आणि एक कृष्णधवल. विग घातलेला, रंगभूषा केलेला मारिओ केळं खातो. बस. शंभर फुटांचं एक रीळ सेकंदाला सोळा चौकटींच्या गतीनं दाखवलं की चार मिनिटं होतात, तेवढीच लांबी. पुढे डिसेंबरमध्ये ‘हार्लट’ आला. वॉरहॉलचा हा पहिला ध्वनिपट. मारिओ जीन हार्लोच्या थाटात कोचावर बसून केळी सोलून खातो, आणि आवाज येतात ते चौकटीबाहेर बसलेल्या तीन पुरुषांच्या गप्पांचे. बोलपटातली नायिका न बोलणारी, आणि बोलणारे न दिसणारे. हे गंमत म्हणून केलेलं होतं, पण सत्ता कुणाकडे होती तेही यातून कळतं.

‘स्क्रीन टेस्ट नंबर २’ (१९६५) मध्ये ही सत्ता उघडी पडते. तासाभराहून थोडा जास्त वेळ आपण फक्त मारिओचा चेहरा बघतो. चौकटीबाहेरून लेखक रोनाल्ड टॅव्हेल त्याची परीक्षा घेतो, ‘हंचबॅक ऑफ नोत्र दाम’मधल्या एस्मेराल्डाच्या भूमिकेसाठी. आधी स्तुती, मग हुकूम. किळसवाणे शब्द पुन्हापुन्हा उच्चारायला लावतो. शेवटी घागरा वर करून आपण पुरुष आहोत हे दाखव, असं सांगतो. मारिओ भूमिकेच्या आशेनं सगळं मन लावून करतो, गोंधळतो, दुखावतो, आणि तरीही तोल सावरतो. डग्लस क्रिम्प या समीक्षकानं यावर एक महत्त्वाचा लेख लिहिला आहे. त्याचा मुद्दा असा, की मारिओची लाज बघताना आपल्यालाही लाज वाटते, पण ती ‘आमचीच’ म्हणून आपण बळकावू शकत नाही. ती त्याची राहते.

मला या प्रसंगात घागऱ्याकडे लक्ष वेधायचं आहे. टॅव्हेलची मागणी नेमकी पोशाखावर आहे. पोशाख खोटा आहे, तू तो स्वतः उचलून दाखव, असं तो म्हणतो. मारिओचा सगळा व्यवसाय ज्या एका समजुतीवर उभा होता, की अंगावर चढवलं तेवढंच खरं मानायचं, तीच मोडायला त्याला सांगितलं जातं.

असंच पुन्हा ‘हेडी’ (१९६६) मध्ये झालं. हेडी लमार या नटीला जानेवारी १९६६ मध्ये दुकानातून वस्तू उचलल्याच्या आरोपावरून अटक झाली होती. लगेच त्यावर हा सिनेमा. मारिओ हेडी झाला. नंतर तो पडद्यावर बघताना मारिओला दिसलं की कॅमेरा झूम करून त्याच्या हातावर नेला आहे, दाट काळे केस आणि शिरा दिसतील असा. तो संतापला. आपल्यातलं वाईटात वाईट तेवढं बाहेर काढलंस, या अर्थाचं काहीतरी तो वॉरहॉलला बोलला. ही हकिगत स्वतः वॉरहॉलनंच सांगितली आहे, मारिओच्या भाबडेपणाचा नमुना म्हणून. मला त्यात वेशभूषाकाराची तक्रार ऐकू येते. पोशाख कुठल्या अंतरावरून बघायचा हे ठरलेलं असतं. टिकल्या, जाळी, खोटे मोती दहा-पंधरा फुटांवरून राजेशाही दिसतात. जवळ नेलं की चिंध्या दिसतात. झूमनं ते अंतर त्याला न विचारता पुसलं होतं.

याच्या उलट उदाहरण म्हणजे ‘लुपे’ (१९६६). दिग्दर्शक होझे रोद्रिगेझ-सोल्तेरो, तोही पोर्टो रिकन. मारिओनं यात मेक्सिकन नटी लुपे व्हेलेझची भूमिका केली. वॉरहॉलनंही याच नटीवर सिनेमा केला होता आणि त्यात ईडी सेजविक या गोऱ्या, श्रीमंत घरातल्या मुलीला घेतलं होतं. रोद्रिगेझ-सोल्तेरोच्या सिनेमात लॅटिन नटीची भूमिका लॅटिन कलावंताकडे आली. इथे कॅमेरा मारिओला उघडं पाडायला टपून बसलेला नाही. रंग, कापड, प्रकाश यांत तो त्याच्याबरोबर रमतो.

मॉन्टेझ क्रिएशन्स

१९६०च्या दशकाच्या उत्तरार्धात मारिओचं मुख्य घर रंगभूमी झालं. टॅव्हेल आणि जॉन व्हॅकारो यांनी ‘प्लेहाउस ऑफ द रिडिक्युलस’ सुरू केलं होतं. १९६७ मध्ये चार्ल्स लडलम त्यातून फुटला आणि त्यानं ‘रिडिक्युलस थिएट्रिकल कंपनी’ काढली. तिथे मारिओ नट होता आणि ‘मॉन्टेझ क्रिएशन्स’ या नावानं वेशभूषाकारही. लडलमची नाटकं म्हणजे शेक्सपिअर, जुने हॉलिवूडपट, ऑपेरा, भुताटकी यांची भेसळ. एकाच प्रयोगात सम्राट, अप्सरा, परग्रहावरचे राजे, आणि गल्ल्यात खडखडाट. सुरुवातीला मध्यरात्रीनंतरचे खेळ, मोजके प्रेक्षक. अशा कंपनीत कपडेपट सांभाळणं म्हणजे रोजचं संकट. एकाच पडद्याच्या कापडाचे तीन अंगरखे करायचे, चटकन चढतील-उतरतील असे बंद लावायचे, घाम आणि रंग सोसेल असं अस्तर शोधायचं. हे काम ज्यानं केलं आहे त्यालाच माहीत.

लडलमनं १९७३ मध्ये ‘कमिल’ केलं तेव्हा तो स्वतः नायिका होता, आणि त्याच्या झग्याचा गळा एवढा खोल होता की छातीवरचे केस दिसायचे. लोक आधी हसायचे आणि शेवटी नायिकेच्या मरणानं रडायचे. मारिओच्या हातावरचे केस आणि लडलमच्या छातीवरचे केस यांत फरक कुठला? लडलमनं स्वतः ठरवून दाखवले, मारिओचे दुसऱ्यानं दाखवले. नाट्यइतिहासात पहिल्याला ‘शैली’ म्हटलं गेलं आणि दुसरं किस्सा म्हणून उरलं.

१९७२ मध्ये ब्राझीलचा चित्रकार हेलियो ओइटिसिका न्यूयॉर्कमध्ये राहत होता. त्याच्या ‘अग्रिपिना’ या सुपर-८ फिल्ममध्येही मारिओ दिसतो. अनेक लॅटिन कलावंतांना तो न्यूयॉर्कमधला आपला माणूस वाटत होता, हे यावरून कळतं.

ऑर्लँडो आणि परत येणं

१९७७ मध्ये मारिओनं न्यूयॉर्क सोडलं आणि फ्लोरिडातल्या ऑर्लँडोला गेला. पुन्हा रेने रिव्हेरा झाला. जवळजवळ तीस वर्षं सिनेमाच्या जगाला त्याचा पत्ता नव्हता. दरम्यान १९८७ मध्ये वॉरहॉल गेला. त्याच वर्षी लडलम आणि १९८९ मध्ये स्मिथ, दोघेही एड्सनं गेले. त्या मंडळींवर पुस्तकं निघाली, संग्रहालयांनी रिळं दुरुस्त केली, विद्यापीठांत अभ्यासक्रम लागले. त्या सगळ्यात मारिओचा चेहरा होता, मारिओ नव्हता.

२००६ मध्ये मेरी जॉर्डनच्या जॅक स्मिथवरच्या माहितीपटात तो बोलताना दिसला. २००९ मध्ये बर्लिनच्या स्मिथ महोत्सवात आला. २०१० मध्ये कोलंबिया विद्यापीठात त्याच्या सन्मानार्थ कार्यक्रम झाला. कॉनरॅड व्हेंटर या तरुण कलावंतानं त्याला घेऊन ‘मारिओ बनाना’ पुन्हा चित्रित केला. पंचाहत्तरीच्या मारिओनं पुन्हा पोशाख चढवला आणि केळं खाल्लं. फेब्रुवारी २०१२ मध्ये बर्लिन चित्रपट महोत्सवात त्याला खास टेडी पुरस्कार मिळाला. २६ सप्टेंबर २०१३ रोजी फ्लोरिडात की वेस्ट इथे त्याचं निधन झालं. वय ७८.

म्हणजे आयुष्याच्या शेवटी का होईना, सन्मान मिळाला. पण तो नटाला मिळाला. ‘मॉन्टेझ क्रिएशन्स’चं काय? फिल्म डब्यात टिकते, दुरुस्त करता येते. कपडे टिकत नाहीत. त्यातून हे तर मुळातच टाकाऊ मालातून केलेले. एका नाटकाचा झगा उसवून दुसऱ्याचा अंगरखा करायचा, ही तर कंपनीची रीतच. मारिओच्या शिवणकामाचा पुरावा आज मुख्यतः छायाचित्रांत, कार्यक्रमपत्रिकांवरच्या त्या एका ओळीत आणि अर्थातच सिनेमांत आहे. म्हणून हे सिनेमे बघायची संधी कधी मिळाली, तर वॉरहॉलनं कॅमेरा कुठे ठेवला याबरोबर मारिओनं काय घातलं आहे तेही बघा. त्या चौकटीतला तो भाग त्याचा आहे.

आणि एक विनंती. ही मालिका बघणारे तुम्ही बडोदा, इंदूर, हैदराबाद, बेळगाव अशा अनेक ठिकाणी आहात, आणि यातल्या बऱ्याच गावांत मराठी नाटकाच्या हौशी संस्था पिढ्यान्‌पिढ्या चालत आल्या आहेत. त्यांच्या स्मरणिकांत लेखक, दिग्दर्शक, नट यांची नावं आहेत. ड्रेपरी कोण शिवायचं, हे विचारलं तर अजून सांगू शकतील अशी माणसं असतील. त्यांना विचारून ठेवा, आणि नाव पूर्ण लिहून ठेवा.